तळे मागाहून आले

हतनूर धरणाच्या भिंतीवर उभे राहिले, की चारही दिशांना चार वेगळी जगे दिसतात. पश्चिमेला दीपनगरच्या औष्णिक वीज केंद्राच्या चिमण्या, दक्षिणेला वरणगावच्या आयुध निर्माणीच्या बाजूची गर्द झाडी, उत्तरेला रावेर-यावलच्या केळीच्या बागा आणि त्यांच्यामागे सातपुड्याची निळसर रेघ. आणि पूर्वेला, जिथे पाणी रुंद होत जाते तिथे, तापी-पूर्णेचा संगम आणि चांगदेवांचे मंदिर. मी चौतीस वर्षे शाळेत भूगोल शिकवला. खानदेशचा नकाशा फळ्यावर काढताना ही चार ठिकाणे मी नेहमी चार स्वतंत्र ठिपके म्हणून दाखवली: इथे वीज, इथे दारूगोळा, इथे केळी, इथे तीर्थक्षेत्र. ते एकाच पाण्याच्या काठावरचे एकच प्रदेश आहेत हे मात्र निवृत्तीनंतर, रोजच्या धावपळीतून मोकळी होऊन भिंतीवर स्वस्थ उभी राहिल्यावर मला खऱ्या अर्थाने उमगले, आणि तेव्हापासून याविषयी सविस्तर लिहावे असे मनात होते.

आपण या पाण्याला तळे म्हणत नाही. सगळे जण ‘हतनूर धरण’ म्हणतात, वरच्या गावांत ‘बॅकवॉटर’ म्हणतात, आणि कागदोपत्री त्याचे नाव ‘जलाशय’ असते. धरण म्हटले की भिंत आणि दरवाजे डोळ्यांसमोर येतात, काठ येत नाही. मला आज लिहायचे आहे ते या काठाविषयी.

सुरुवात नदीपासूनच करावी लागते. तापी मध्य प्रदेशात बैतूल जिल्ह्यातल्या मुलताईला उगम पावते आणि ७२४ किलोमीटर वाहून सुरतेजवळ अरबी समुद्राला मिळते. आपल्या बहुतेक नद्या सह्याद्रीत उगम पावून पूर्वेकडे बंगालच्या उपसागराकडे जातात. तापी मात्र पश्चिमेकडे वाहते, कारण सातपुडा आणि अजिंठ्याचे डोंगर यांच्यामधल्या खचलेल्या पट्ट्यातून तिची वाट गेलेली आहे. हा पट्टा लाखो वर्षांत गाळाने भरत गेला, म्हणून खाली काळा बसाल्ट असूनही वर खोल, सपाट आणि सुपीक जमीन आहे. पूर्णा गाविलगडच्या बाजूने निघून अमरावती, अकोला आणि बुलढाणा जिल्ह्यांतली वऱ्हाडची काळीभोर माती उतरवत येते आणि चांगदेवला तापीला मिळते. पावसाळ्यात संगमावर उभे राहिले तर पूर्णेचे पाणी चहाच्या चोथ्यासारखे गडद दिसते, आणि बऱ्याच अंतरापर्यंत ते तापीच्या पाण्याशी चटकन मिसळत नाही. आजच्या तळ्याचे निम्मे दुखणे या गडद पाण्यात आहे. त्याकडे मी पुढे येतेच.

संगमाच्या थोडे खाली धरण बांधल्यामुळे तळ्याला दोन हात फुटले आहेत: एक तापीच्या पात्रात ऐनपूरच्या दिशेने गेलेला आणि दुसरा पूर्णेच्या पात्रात मुक्ताईनगरच्या दिशेने गेलेला. नकाशावर पाहिले तर आडवा पाडलेला बेचक्यासारखा आकार दिसतो.

या काठावर माणसांची वर्दळ फार जुनी आहे. चांगदेवचे काळ्या दगडातले मंदिर यादवकाळाची आठवण देत उभे आहे. संत मुक्ताबाई १२९७ साली तापीकाठी मेहूणला विजेच्या कडकडाटात गुप्त झाल्या अशी वारकऱ्यांची श्रद्धा आहे, आणि एदलाबादचे मुक्ताईनगर झाले ते त्यांच्याच नावाने. महाशिवरात्रीला चांगदेव-मुक्ताईची यात्रा भरते, तेव्हा खानदेश, वऱ्हाड आणि मध्य प्रदेशातूनही दिंड्या येतात. आषाढीला इथूनच निघणारी मुक्ताईंची पालखी पंढरपूरला जाणाऱ्या सर्वांत लांबच्या पालख्यांपैकी एक आहे. ही सारी गावे नदीच्या काठावर वसली होती. तळ्याच्या काठावर ती आली ती फक्त गेल्या चाळीस-पंचेचाळीस वर्षांत.

आता उद्योगांकडे येते. इथे पहिला मोठा उद्योग म्हणजे रेल्वे. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेने घाट ओलांडून खानदेशात रूळ आणले आणि भुसावळला त्यांचे दोन फाटे केले. एक फाटा १८६७ साली नागपूरला पोहोचला, दुसरा खंडव्यावरून जबलपूरकडे गेला. आणि मार्च १८७० मध्ये मुंबई ते कलकत्ता हा लोहमार्ग जोडला गेला तो याच दुसऱ्या फाट्यामुळे. भुसावळ त्याआधी लहानसे खेडे होते. जंक्शन तिथेच का झाले, याचे एक उत्तर नकाशात आहे आणि दुसरे तापीत. वाफेच्या इंजिनाला कोळशाइतकेच पाणी लागते, आणि दोन दिशांना जाणाऱ्या गाड्यांची इंजिने जिथे बदलायची तिथे बारमाही पाणी जवळ असावेच लागते. माझे वडील फायरमन म्हणून रेल्वेत लागले, तेव्हा वाफेचीच इंजिने होती. ते सांगायचे, की उन्हाळ्यात टेंडरमध्ये, म्हणजे इंजिनामागच्या पाण्या-कोळशाच्या डब्यात, पाणी भरायला उभे राहिले की इंजिनाच्या पोटात पाणी जाताना होणारा आवाज ऐकून तहान लागायची. त्या पाण्यासाठी तापीवर बंधारा होता, आणि आजही शहराची तहान नदीतल्या बंधाऱ्यावरच भागते. फरक एवढाच की आता त्या बंधाऱ्यात पाणी येते ते हतनूरमधून आवर्तन सोडल्यावर.

स्वातंत्र्यानंतर १९४९ साली भुसावळला आयुध निर्माणी सुरू झाली. दारूगोळ्यासाठी लागणारी पिंपे, पेट्या आणि इतर वेष्टने हे तिचे काम. चीनशी झालेल्या युद्धानंतर संरक्षण उत्पादन वाढवण्याचा निर्णय झाला, आणि १९६४ मध्ये वरणगावला बंदुकीच्या काडतुसांची दुसरी निर्माणी उभी राहिली. देशाच्या मध्यभागी, सीमेपासून लांब, मुख्य लोहमार्गावर आणि पाण्याजवळ अशी जागा हवी असेल, तर वरणगावपेक्षा योग्य जागा शोधणे कठीणच होते. वरणगावच्या कॉलनीत माझ्या मावशी राहत. तिथल्या भोंग्यावर आजूबाजूच्या खेड्यांतल्या बायका भाकरी टाकत, इतका तो भोंगा सगळ्यांचा झाला होता.

त्यानंतर वीज आली. भुसावळ औष्णिक वीज केंद्राचा पहिला लहान संच १९६८ च्या सुमारास फेकरीजवळ सुरू झाला आणि त्या वसाहतीला दीपनगर हे सुंदर नाव मिळाले. पुढे २१० मेगावॅटचे दोन संच आले, २०१२ मध्ये प्रत्येकी ५०० मेगावॅटचे दोन संच आले, आणि अलीकडे ६६० मेगावॅटच्या संचाची भर पडली. कोळसा विदर्भातल्या खाणींतून त्याच नागपूर मार्गाने येतो, जो १८६७ साली कापूस वाहून नेण्याच्या विचाराने टाकला गेला होता.

या तारखा मी मुद्दाम क्रमाने मांडल्या. रेल्वे १८६० च्या दशकातली, पहिली निर्माणी १९४९ ची, दुसरी १९६४ ची, वीज १९६८ ची. आणि हतनूर धरण पूर्ण झाले ते १९८२ साली. म्हणजे काठावरचे उद्योग आधी आले आणि तळे मागाहून आले.

हे किती वेगळे आहे, ते दुसऱ्या एखाद्या औद्योगिक सरोवराशेजारी ठेवून पाहिले की कळते. अमेरिकेतल्या मिशिगन सरोवराचा दक्षिण काठ मी वर्गात अनेकदा शिकवला, कारण लोह-पोलाद उद्योगाच्या स्थाननिश्चितीचे ते पाठ्यपुस्तकी उदाहरण आहे. हिमनद्या मागे हटल्यावर तयार झालेले ते सरोवर सुमारे ५८ हजार चौरस किलोमीटरचे. म्हणजे जळगाव, धुळे आणि नंदुरबार हे तिन्ही जिल्हे एकत्र केले तरी ते त्याच्या निम्मेही भरणार नाहीत. हजारो वर्षे ते तिथे होते, आणि मग त्याच्या काठी १८८९ साली व्हायटिंगचा तेलशुद्धीकरण कारखाना आला, १९०६ साली पोलाद कंपनीने वाळूच्या टेकड्या सपाट करून गॅरी हे आख्खे शहर वसवले. मिनेसोटाचे लोहखनिज जहाजातून यायचे, अपालाचियाचा कोळसा रेल्वेने यायचा, आणि दोघांची गाठ त्या काठावर पडायची. त्याच १९०६ साली आपल्या खानदेशचे पूर्व आणि पश्चिम असे दोन जिल्हे झाले, हा योगायोग मी मुलांना आवर्जून सांगत असे, म्हणजे दोन्ही गोष्टी लक्षात राहत. तिथे सरोवर रस्ता होते, जहाजांसाठी. आपले तळे रस्ता नाही, ते साठवणीचा रांजण आहे. आणि रांजण आधीच तहानलेल्या घरात आणून ठेवावा, तसा तो इथे आणून ठेवला गेला.

हा रांजण किती मोठा आहे, हे नीट पाहिले पाहिजे. भिंतीची लांबी सुमारे २,५८० मीटर, पायापासून उंची साडेपंचवीस मीटर, दरवाजे ४१. एकूण साठवण क्षमता ३८८ दशलक्ष घनमीटर आणि त्यातला उपयुक्त साठा २५५ दशलक्ष घनमीटर. आकडा मोठा वाटतो. पण हतनूरच्या वर तापी आणि पूर्णा मिळून पाणलोट आहे सुमारे २९ हजार चौरस किलोमीटरचा. भागाकार करून पाहिला तर साऱ्या पाणलोटावर जेमतेम १३ मिलिमीटर पाणी पसरले, तर त्यातच हे धरण भरते. खाली गुजरातेत १९७२ साली पूर्ण झालेल्या उकाईच्या बाबतीत हेच माप सुमारे १२ सेंटीमीटर येते. म्हणजे आपल्याकडे मोठ्या नदीच्या दारात लहानसे भांडे ठेवले आहे. दोष भांडे ठेवणाऱ्यांचा नव्हे. खोरे इतके सपाट आहे, की भिंत आणखी उंच केली असती तर चांगदेव, मुक्ताईनगर आणि दोन्ही नद्यांच्या काठची उत्तम जमीन मैलोगणती पाण्याखाली गेली असती.

म्हणूनच पावसाळ्यात ‘हतनूरचे ४१ दरवाजे उघडले’ ही बातमी दरवर्षी वर्तमानपत्रात येते. जळगावात पाऊस नसताना ती आली, तर नव्या लोकांना आश्चर्य वाटते; पण पाऊस बऱ्हाणपूरला, अकोल्याला किंवा मेळघाटात पडलेला असतो. पावसाळ्याच्या सुरुवातीला पाणी अडवण्याची घाई केली जात नाही, दरवाजे उघडे ठेवून पहिले गढूळ लोंढे जाऊ देतात आणि पावसाळा सरता सरता धरण भरून घेतात. ज्या वर्षी परतीचा पाऊस दगा देतो, त्या वर्षी या हिशेबात किती जोखीम असते, ते तिथे काम करणाऱ्यांनाच ठाऊक.

गढूळ लोंढ्यांविषयी आता सांगते. सपाट खोरे, उथळ तळे आणि वऱ्हाडची काळी माती आणणारी पूर्णा या तिन्ही गोष्टी एकत्र आल्या, की गाळ साचणे अटळ असते. वाहते पाणी तळ्यात शिरून मंदावते आणि हातातले ओझे खाली ठेवते. सर्वांत बारीक कण सर्वांत शेवटी बसतात. फेब्रुवारीत पाणी उतरू लागले, की पूर्णेच्या हातात हा गाळ उघडा पडतो. मागच्या वर्षी मी तिथे चालत गेले होते. गाळ वाळून त्याला विटेएवढ्या जाडीच्या भेगाळ लाद्या पडल्या होत्या. एक लादी उचलून आडवी मोडली, तर आत पानांपानांचे थर दिसले: एक गडद, एक फिका, पुन्हा गडद, आणि दोन थरांमध्ये नखाएवढा शिंपला, अजून मिटलेला. ती काळी माती एके काळी अकोल्याच्या कोणाच्या तरी कपाशीच्या शेतात असेल. मी तो शिंपला घरी आणला आहे. तो टेबलावर समोरच असतो.

उघड्या पडलेल्या या जमिनीवर गाळपेर होते. पाणी जसजसे मागे सरकते तसतसे लोक पुढे सरकत पेरत जातात: हरभरा, टरबूज, काकडी, जे ओलीवर येईल ते. खत फारसे लागत नाही. अवकाळी पाण्याची एक चढ आली की सगळे जाते, तरीही लोक पेरतात.

तळ्यावर हक्क सांगणारे अनेक आहेत. उजव्या कालव्याचे पाणी रावेर, यावल आणि चोपडा तालुक्यांतल्या शेतांना जाते. भुसावळसह अनेक गावांचा पिण्याचा पाणीपुरवठा, रेल्वे, दोन्ही निर्माण्या आणि वीज केंद्र हे सारे याच साठ्यावर अवलंबून आहेत. त्यांतल्या विजेचा वाटा किती, याचा मी एकदा कागदावर हिशेब केला. देशातल्या जुन्या औष्णिक केंद्रांना २०१५ च्या नियमानुसार एका मेगावॅट-तासामागे कमाल ३.५ घनमीटर पाण्याची मुभा आहे. ५०० मेगावॅटचे दोन संच वर्षभर पूर्ण भाराने चालले आणि ही मर्यादा पूर्ण वापरली असे धरले, तर वर्षाला सुमारे ३० दशलक्ष घनमीटर पाणी लागते, म्हणजे उपयुक्त साठ्याचा साधारण आठवा हिस्सा. गाळामुळे साठा कमी होत जाईल, तसा हा हिस्सा आपोआप मोठा होत जाईल. गाळ हा प्रश्न केवळ शेतकऱ्याचा नाही असे मी म्हणते ते यामुळे. पूर्णेच्या पाणलोटात, इथून दीडशे किलोमीटरवर बांधाला घातलेली, माती अडवणारी एक ताल दीपनगरच्या चिमणीइतकीच या काठाच्या उद्योगाचा भाग आहे.

विजेची दुसरी बाजू राखेची. ५०० मेगावॅटच्या एका संचाला पूर्ण भाराला दिवसाकाठी सात-आठ हजार टन कोळसा लागतो, म्हणजे जवळपास दोन भरलेल्या मालगाड्या. आणि आपल्या देशी कोळशात राखेचे प्रमाण ३० ते ४० टक्के असते. ही राख पाण्याबरोबर वेल्हाळ्याच्या तलावाकडे जाते. सिमेंट, विटा आणि महामार्गांचे भराव यांत तिचा उपयोग वाढतो आहे. म्हणजे काठावर दोन प्रकारचे गाळ साचतात, एक नदीने आणलेला आणि एक मालगाडीने आणलेला, आणि दोन्ही पूर्वेकडूनच येतात.

उत्तर काठाची केळी हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे. जळगावच्या केळीला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले. सातपुड्याच्या पायथ्याशी दगडगोट्यांचा सच्छिद्र पट्टा आहे, त्यात डोंगरावरचे पाणी मुरते आणि खालच्या गाळाच्या जमिनीत विहिरींना लागते. रावेर-यावलच्या बागा उभ्या राहिल्या त्या या पाण्यावर. उपसा वाढून पातळी खोल गेली तेव्हा कालव्याचे महत्त्व वाढले. पण तापीच्या हाताला लागून असलेल्या बागांना तळ्याचे पाणी आधार नसून धास्ती आहे. दरवाजे उघडे असूनही वरून मोठा पूर आला, की फुगवटा बागांत शिरतो, आणि केळीच्या बुंध्याशी पाणी काही दिवस उभे राहिले की मुळे सडतात.

माझे आजोळ रावेर तालुक्यात तापीकाठी. धरण झाले तेव्हा मी बावीस वर्षांची होते. मामांची नदीकाठची चार एकर जमीन बुडीत क्षेत्रात गेली, आणि तिचा कागदोपत्री निकाल लागायला पुढे बरीच वर्षे गेली. त्या वर्षांत आजीने एकदाही धरणाचे नाव घेतले नाही. ती ‘माय वर आली’ असे म्हणायची. तापी ही माय, आणि माय घरापर्यंत आली तर तिच्यावर रागवायचे कसे, असा तिचा प्रश्न होता. मामा मात्र मोजायचे. वाड्यामागच्या उतारावर एक कडुनिंब आहे; दरवर्षी पाणी जिथपर्यंत चढले तिथे ते विळ्याने एक खाच पाडायचे.

त्याच उतारावरून हिवाळ्यात पक्षी दिसतात. उथळ पाणी, मऊ गाळ आणि पाणवनस्पती हे इंजिनिअरला नकोसे असते, पण चक्रवाक, तलवार बदक, थापट्या आणि लालसरी यांना तेच हवे असते. वीज केंद्राच्या चिमण्यांच्या पार्श्वभूमीवर शेकडो बदके एकदम उडतात, तेव्हा धूर आणि थवा काही क्षण वेगळे ओळखू येत नाहीत. भुसावळ-वरणगावची तरुण मुले दुर्बिणी घेऊन पहाटे या काठावर येतात, वहीत नोंदी करतात. त्यांच्याकडून मी या वयात पक्ष्यांची नावे शिकले.

यंदा ऑक्टोबरमध्ये धरण भरल्यावर मी मामांना घेऊन आजोळी गेले. मामा आता ऐंशीच्या पुढे आहेत, काठीशिवाय चालत नाहीत. कडुनिंबाची साल इतकी जाड झाली आहे, की सुरुवातीच्या खाचा बुजून गेल्या आहेत आणि बोटांनी चाचपल्याशिवाय सापडत नाहीत. मामांनी त्या एकेक चाचपल्या आणि वर्षे सांगितली. मी विचारले, “मामा, आता तर पाणी तेवढेच असले तरी खाच वर पडत असेल, खाली गाळ भरला म्हणून?” ते थोडा वेळ पाण्याकडे पाहत राहिले. मग म्हणाले, “पोरी, तू हिशेब कर. मी खाच पाडतो.” आणि त्यांनी भाच्याकडून विळा मागून घेतला.